पुढच्या सीटवरची जाऊ

माझ्या धाकट्या जावेला गाडीत मागं बसलं की मळमळतं. असं ती म्हणते. गाडी दारात आली त्या दिवसापासून ती हेच म्हणत आली, आणि त्या दिवसापासून पुढं बसत आली. गाडी सून चालवते. तिच्या शेजारी जाऊ. मागं बोंबलाच्या गोण्या, आणि गोण्यांना टेकून मी, सुनेची सासू.

एवढ्याशा गोष्टीवर काय लिहायचं, असं कुणी म्हणेल. म्हणू दे. ज्याला पुढं बसायला मिळतं त्याला ती गोष्ट एवढीशीच वाटते.

आमचं घर तारापूरच्या किनाऱ्याला. नवरा होता तोवर होडी होती. तो गेला, होडी विकली, सुक्या मासळीचा धंदा मी चालू ठेवला. जवळा, मांदेली, बोंबील. वाळवायचं, निवडायचं, आणि बोईसरच्या नाहीतर मनोरच्या बाजाराला नेऊन विकायचं. मुलगा बोईसरला कंपनीत पाळीवर जातो. त्याला बाजारात बसायची लाज वाटते. सुनेला वाटत नाही. ती पालघरची, माझ्यापेक्षा पुष्कळ शिकलेली, तरी लग्न होऊन आली त्याच वर्षी पाटी घेऊन माझ्या शेजारी बसली. गिऱ्हाइकाला उत्तर कसं द्यायचं ते मी तिला शिकवलं. बोंबील आतून वाळलाय का नुसता वरून, हे बोटानं दाबून ओळखायला मी शिकवलं. हे मुद्दाम सांगते, कारण पुढं सगळ्यांना वाटायला लागलं की ती जावेच्या हाताखाली तयार झाली.

तेव्हा आम्ही टेम्पोनं जायचो. टेम्पोत सून माझ्या शेजारी बसायची. पहाटे उठलेली असायची, वाटेत डुलकी लागायची आणि तिचं डोकं माझ्या खांद्यावर यायचं. तेलानं माझ्या पदराला डाग पडायचा. मी ओरडायचे, तिला जाग यायची, ती सॉरी म्हणायची आणि परत डोकं टेकायची. आता माझ्या पदराला डाग पडत नाही.

मग सुनेनं गाडी काढली. बोईसरच्या कॉलनीतल्या एका साहेबाची बदली झाली, त्याची जुनी पांढरी कार. मागची अर्धी सीट पाडली की गोण्या बसतात. उरलेल्या अर्ध्या सीटवर एक माणूस बसतं. ते माणूस मी.

जाऊ तोवर बाजाराला कधी येत नव्हती. तिचं घर आमच्याच अंगणात, मध्ये नुसता काटक्यांच्या वईचा आडोसा. तिचा नवरा धडधाकट आहे, ओट्यावर बसून मोबाइल बघतो. मुलं विरारला. तिला घरात करमेना, म्हणून गाडी आल्याबरोबर तिनंही एक पाटी भरली. माल थोडा, बडबड फार. अंबाड्यात अबोलीचा गजरा. मागून मला रस्ता दिसत नाही, तो अंबाडा दिसतो. सालवड आलं का मनोर आलं, हे मी अंबाड्याच्या बाजूनं वाकून बघते.

आणि त्या दोघी हसतात. काय सांगतात कोण जाणे. मागच्या काचा अर्ध्याच उघडतात, वाऱ्याचा आवाज येतो, त्यात मला अर्धं ऐकू येतं. मी विचारलं, "काय झालं गो?" तर सून म्हणणार, "काही नाही आई, असंच."

असंच.

गाडी पहिल्यांदा बंद पडली ती दसरा होऊन गेल्यावर, दिवाळीच्या तोंडावर. बोईसरचा बाजार करून दुपारच्या उन्हात परत निघालो होतो. सालवडच्या पुढं आलो नाही तोच गाडीनं दोन आचके दिले आणि गप्प झाली. मागं कंपनीच्या बसा, ट्रक, सगळे हॉर्न वाजवायला लागले. सून चावी फिरवते, इंजिन खर्रर खर्रर करतं, पण पेटत नाही.

जाऊ म्हणाली, "कुनाची तरी नजर लागली गो पोरी."

मी मागून म्हटलं, "लागली असंल. इतकं दात काडून जात होतात तुमी."

दोन कामगार आले, त्यांनी "चाची बैठे रहो" म्हणत गाडी कडेला ढकलली. आम्ही टपरीवर चहा घेतला. परत चावी फिरवली तर गाडी सुरू, जसं काही झालंच नव्हतं. पण ती खोड लागली ती लागली. गाडी तापली की बंद, निवली की सुरू. रस्त्यावरच्या एका गॅरेजवाल्यानं बोनेट न उघडताच सांगितलं, "पेट्रोलचा पंप गेला. टाकी उतरवावी लागेल. गाडी ठेवून जा." किती दिवस लागतील ते सांगेना. सुनेचा चेहरा पडला. दिवाळीनंतर मालाला उठाव असतो, तेव्हा गाडी अडकली तर सगळं अडकलं.

माझा चेहरा पडला नाही. मला आत कुठंतरी बरंच वाटलं. गाडी नाही म्हणजे टेम्पो. टेम्पो म्हणजे सून माझ्या शेजारी.

पुढच्या बाजाराला आम्ही खरंच टेम्पोनं गेलो. मी आधी चढले, पदर सावरून जागा धरली. माझ्यामागून सून यायची ती राहिली बाजूला, तिच्याआधी जाऊ चढली आणि माझ्या मांडीला मांडी लावून बसली. सून तिच्या पलीकडे.

मी म्हटलं, "तुला कडंला बसायचं होतं ना? वारा लागतो, मळमळत नाय."

"टेम्पोत मधी बरं वाटतं बाय," जाऊ म्हणाली. "दोनी बाजूंनी आदार असतो."

सुनेला डुलकी लागली. डोकं कुणाच्या खांद्यावर गेलं ते सांगायला नको. जाऊ ओरडलीसुद्धा नाही. उलट तिनं पदरानं तिच्या तोंडावरचं ऊन अडवलं. बोईसर येईस्तोवर मी गोणीचे टाके मोजत बसले. घरी आले आणि ठरवलं, ही गाडी दुरुस्त झाली पाहिजे. टेम्पोत जावेच्या खांद्यावर गेलेलं डोकं गाडीत तरी स्टिअरिंगमागं राहतं.

त्या संध्याकाळी आम्ही तिघी अंगणात जवळा निवडत बसलो होतो, तेव्हा मी सुनेला सांगितलं, "तो टाकी उतरवायची म्हनतो, पन मला एक सांगायचं हाय. तू चावी फिरवतंस ना, इंजिन चालू व्हायच्या आदी माज्या सीटखाली घूं असा आवाज येतो. थोडा येतो आनि थांबतो. गाडी बंद पडते तवा तो येत नाय."

सुनेनं हातातला जवळा खाली ठेवला. "खरंच आई? दर वेळी?"

"मी दर वेळी तितंच बसते," मी म्हटलं.

मागच्या सीटखाली पेट्रोलची टाकी आणि टाकीतच पंप, हे मला तेव्हा ठाऊक नव्हतं. ठाऊक असायचं कारण नव्हतं. पण इतके महिने त्या टाकीवर बसून मी त्या गाडीचं पोट ओळखायला लागले होते. पुढं बसणारीला ते ऐकू येणं शक्य नव्हतं. पुढं बसणारी बोलत असते.

सुनेनं शोध काढून दुसरा मिस्त्री गाठला. तारापूरच्या कारखान्यांच्या रस्त्याला चिंचेखाली त्याचं गॅरेज. उत्तरेकडचा माणूस, पण बोईसरलाच केस पिकलेले, त्यामुळं निम्मं हिंदी निम्मं मराठी. गोण्यांसकट आम्ही पोचलो, सून उतरायच्या आत जावेनं खिडकीतून डोकं बाहेर काढलं आणि त्याला सांगायला सुरुवात केली.

"भय्या, सुनो. चावी फिराया ना, तो पीछे सीट के नीचे घूं आवाज आता है. बंद पडती है तब नाय आता."

मी मागून तिच्या अंबाड्याकडे बघत राहिले.

मिस्त्री खूश. "वा चाची! ये हुई ना बात. लोग तर फक्त म्हणतात, गाडी बंद पडली. आप तो आधा काम करके आयी हो."

जाऊ म्हणाली, "अपना कान एकदम शार्प."

सुनेनं "आईंनी सांगितलं" असं म्हणायला हवं होतं. ती बोनेट उघडत होती. तिनं ऐकलंच नाही, का ऐकून सोडून दिलं, ते मला आजही कळलेलं नाही. मी विचारलं नाही. विचारून मिळालेलं श्रेय मला नको होतं. न विचारता मिळालेलं हवं होतं.

मिस्त्रीनं गाडी तशीच चालू ठेवली, तापू दिली. चिंचेखाली आम्ही स्टुलावर. शेवटी गाडीनं तेच केलं, आचका देऊन बंद. मग तो म्हणाला, "आता कुणीतरी मागं बसा. मी सांगतो तेव्हा चावी फिरवायची, आणि मागच्यानं ऐकायचं."

मागं कोण बसणार? मी बसले. सुनेनं चावी फिरवली.

"आवाज आया, अम्मा?"

"नाय आला."

त्यानं बॅटरीजवळच्या काळ्या खोक्यात टेस्टरचा दिवा लावून बघितला. फ्यूज काढून उजेडात धरला, परत बसवला. मग स्क्रूड्रायव्हरची मूठ उलटी धरून त्या खोक्यातल्या एका ठोकळ्यावर टकटक केलं. आणि माझ्या सीटखाली घूं.

"आला!" मी ओरडले.

"बस," मिस्त्री म्हणाला. "पंप ठीक है. टाकी को हात मत लगाने देना किसी को. ये रिले गया है."

रिले म्हणजे काय ते त्यानं सुनेला समजावलं, मी उतरून बाजूला उभी राहून ऐकलं. पंपाला वीज जास्त लागते, ती सगळी चावीतून न्यायची तर चावीचं बटण जळेल. म्हणून मध्ये हा खटका. चावी याला थोड्याशा विजेनं सांगते, हा आत खट्ट करून पंपाकडे मोठी वीज सोडतो. आतला खटका खराब झाला की थंड असताना लागतो, तापला की लागत नाही. पंप चांगला, चावी चांगली, आणि गाडी बंद.

"म्हंजे माज्यासारकं," जाऊ म्हणाली. "हिचं तिला सांगायचं, तिचं हिला सांगायचं."

सून खो खो हसली. मिस्त्रीही हसला.

मी म्हटलं, "आनि खराब झाला की काडून टाकायचा."

त्यावर कुणी हसलं नाही.

मिस्त्रीनं तो ठोकळा सरळ वर ओढून काढला. काड्यापेटीहून लहान, काळा, खाली पत्र्याचे पाय. तळहातावर घेऊन त्यानं तो उलटा केला आणि भुवया उंचावल्या. पाय हिरवे पडलेले, एक तर जळून काळा. आणि पायांच्या मध्ये लाल चिखल वाळून बसलेला. ज्या खाचेतून काढला त्या खाचेतही तसाच लाल.

"अम्मा, यात पूजा कोणी केली?"

आता दसऱ्याला काय झालं ते सांगायला हवं. गाडीची पूजा सवाष्णीनं करायची. गाडीत भरलेला माल माझा, पण मी विधवा. मी ओट्यावर बसायचं. सूनही सवाष्ण आहे, ती करू शकत होती, पण ती म्हणाली, "काकी मोठ्या आहेत, काकी करतील." काकी म्हणजे ही. हिनं चाकांना फुलं वाहिली, नारळ फोडला, इथवर ठीक. मग म्हणाली, खरा देव इंजिनात असतो, झाकण उघडा. उघडलं. हिनं बॅटरीला कुंकू लावलं, प्रत्येक डब्याला कुंकू लावलं, आणि वाटीतलं नारळाचं पाणी प्रसाद म्हणून वरून ओतलं. त्या काळ्या खोक्याचं झाकण साहेबाच्या वेळेपासूनच तुटलेलं. मी ओट्यावरून ओरडले होते, "पानी कशाला वततंस, विजेचं हाय तितं!" तर ही म्हणाली, "बाय, देवाचं पानी हाय." आणि सून म्हणाली, "असू द्या ना आई, वर्षातून एकदा."

मिस्त्रीनं विचारलं तेव्हा मी नुसतं जावेकडे बघितलं. असा क्षण माणसाला क्वचित मिळतो, तो बोलून कशाला घालवायचा.

जावेनं मिस्त्रीच्या तळहातावर वाकून बघितलं. "अगो बाय, माजंच कुंकू," ती म्हणाली. "किती दिवस टिकलं बग! माज्या कपाळावर अर्दा दिवस टिकत नाय."

आणि सून परत हसली. मी वाट बघत होते की आता तिचा आवाज चढेल. टेम्पोचे हेलपाटे, रस्त्यावरचे खोळंबे, सगळं या बाईच्या एका वाटीमुळं. ती हसली.

मी म्हटलं, "मी सांगितलं होतं, पानी वतू नको म्हनून."

सून म्हणाली, "हो आई, पण काकींनी काय मुद्दाम केलं?"

"मी कुटं मुद्दाम म्हनले? मी म्हनले, मी सांगितलं होतं."

"बरं, सांगितलं होतं," ती म्हणाली आणि मिस्त्रीकडे वळली.

जिंकून हरणं म्हणतात ते हेच असावं.

मिस्त्रीनं खाच ब्रशनं घासली, पेट्रोलनं पुसली. मग शेजारचा दुसरा ठोकळा उपटला, अगदी तसाच दिसणारा, आणि पंपाच्या जागी बसवला. चावी फिरवली. घूं. गाडी सुरू. कितीही तापवली तरी बंद पडेना. "ये हॉर्न का रिले है," तो म्हणाला. "पायांची रचना सारखी, म्हणून चालतो. पण आता हॉर्न वाजणार नाही. नवा रिले बोईसरला आज मिळत नाही, पालघरला मिळेल. संभालके जाना." सुनेला त्यानं बसवायचं कसं ते दाखवलं: चावी बंद, सरळ वर ओढायचा, हलवून वाकवायचा नाही, नव्याचे पाय जुळवून दाबायचा. झाकणाच्या जागी जाड प्लॅस्टिक कापून घट्ट बांधून दिलं. आणि म्हणाला, काही दिवस मागून आवाज ऐकत जा.

तर आम्ही बिनहॉर्नच्या गाडीतून पालघरला निघालो. सून घाबरली होती. त्या रस्त्याला वळणावर रिक्षा आडव्या येतात, बकऱ्या येतात, हॉर्नशिवाय कुणी हलत नाही. पहिल्याच वळणावर जावेनं खिडकीतून कमरेपर्यंत अंग बाहेर काढलं आणि बाजारातली हाळी ठोकली.

"बोंबीऽऽल आले ओऽऽ! सुके बोंबीऽऽल! दादा बाजू घ्याऽऽ!"

रिक्षावाला दचकून कडेला गेला. एका बाईनं तर हात करून गाडी थांबवली, जवळा आहे का विचारायला. सुनेला हसता हसता डोळ्यांना पाणी यायला लागलं. "काकी, पुरे! मला रस्ता दिसत नाही!" शेवटी तिनं गाडी कडेला घेतली आणि डोकं स्टिअरिंगवर टेकून हसत राहिली.

माझा आवाज जावेपेक्षा मोठा आहे. हे मी सांगत नाही, बोईसरचा बाजार सांगेल. माझी हाळी पलीकडच्या भाजीवाल्यांपर्यंत जाते. पुढच्या वळणाला समोर बकऱ्या दिसल्या आणि मी जावेच्या आधी, मागूनच, पूर्ण ताकदीनं ओरडले, "बोंबीऽऽल!"

काच अर्धीच उघडी. सगळा आवाज गाडीतच राहिला. सुनेनं करकचून ब्रेक मारला, गोण्या माझ्या अंगावर आल्या.

"आई! कानात नका ओरडू! केवढ्यानं दचकले मी!"

बकऱ्या तशाच उभ्या. मग जावेनं "हुर्र हुर्र" केलं आणि त्या गेल्या.

पालघरला स्टेशनपासून थोडं आत सामानाचं दुकान सापडलं. सुनेनं जुना रिले काउंटरवर ठेवला. दुकानदारानं त्यावरचा नंबर बघितला, पाय बघितले, लाल रंग बघितला, आणि काही न विचारता तसाच नवा काढून दिला. दुकानासमोरच सुनेनं बोनेट उघडलं. आधी हॉर्नचा ठोकळा काढून त्याच्या जागी बसवला, मग नवा पंपाच्या खाचेत दाबला. तिचे हात छान चालतात. बोंबील निवडायचे ते हेच हात, मी शिकवलेले. कडेला उभी राहून जाऊ तिला सांगत होती, "दाब, दाब, अजून दाब," जसं काही जन्मभर रिलेच बसवत आली.

"आई, ऐका हं," सून म्हणाली. मी मागं बसले. तिनं चावी फिरवली. माझ्या बुडाखाली घूं आला, स्वच्छ, पहिल्यापेक्षा मोठा. गाडी एका दमात सुरू झाली. हॉर्न दाबला, वाजला. जावेनं टाळ्या पिटल्या आणि पुढचं दार उघडायला गेली.

मी त्याआधी उतरले होते. मी दाराला हात लावला.

"आता मी पुडं बसनार," मी म्हटलं.

दोघी माझ्याकडे बघायला लागल्या.

सून म्हणाली, "आई, काकींना मागं मळमळतं ना."

"मळमळू दे. पिशवी देते मी तिला."

"आणि पंपाचा आवाज? मिस्त्री म्हणाला, ऐकत राहा."

"ती ऐकंल. तिचा कान शार्प हाय. आनि जिनं पानी वतलं तिनंच ऐकायला पायजे."

दुकानदार काउंटरवरून मान वर करून बघत होता. बघू दे.  सून माझ्याकडे बघत होती, आणि मला कळलं की ती आता काय म्हणेल त्यावर माझं सगळं आहे. ती "असू द्या ना आई" म्हणाली असती तर मी गुपचूप मागं बसले असते आणि पुन्हा कधी बोलले नसते. बाजाराला जायचंही सोडलं असतं.

"बसा," ती म्हणाली.

जावेनं कुरकुर केली नाही. "मला काय, मी कुटंपन बसन," म्हणत ती मागं गेली, गोण्या सारून ऐसपैस बसली. तिनं भांडण केलं असतं तर मला आवडलं असतं.

पुढच्या सीटवर पाय सरळ होतात. समोर पूर्ण काच. रस्ता आपल्याकडे येतो. मी पदर मांडीवर घेतला आणि आता सुनेशी बोलायचं म्हणून तोंड उघडलं, तर काही सुचेना. इतके महिने मला वाटत होतं, जागा मिळाली की बोलणं आपोआप येईल.

"गिअर कसा टाकतंस गो?" मी विचारलं.

"क्लच दाबून," सून म्हणाली.

संपलं.

मागून जाऊ म्हणाली, "आवाज आला गो! टाकीतला का माज्या पोटातला ते कळत नाय."

सुनेला हसू फुटलं. तिनं हात वर केला आणि मधला आरसा थोडा तिरका केला. आरशात जावेचा चेहरा आला, गजऱ्यासकट. मग काय, दोघींचं आरशातून सुरू झालं. पालघरचं दुकान, दुकानदाराची मिशी, काल कुणाच्या घरी काय शिजलं. जावेनं कुठून तरी शेंगदाण्याची पुडी काढली आणि ती खात खात बोलत होती. मळमळीचं नाव नाही. आधी निदान मला अर्धं ऐकू यायचं नाही. आता सगळं ऐकू येत होतं आणि त्यातलं एक अक्षर माझ्यासाठी नव्हतं.

मी हात लांब केला आणि आरसा छताकडे फिरवून टाकला.

"आई! अहो, मागच्या गाड्या कशा दिसणार मला?"

"मी सांगते," मी म्हटलं, आणि सीटवर अर्धी वळून मागं तोंड करून बसले. "ट्रक येतोय. एकटाच हाय. लांब हाय."

 जाऊ शेंगदाणा तोंडापाशी धरून माझ्याकडे बघत राहिली. मी तिच्या अंबाड्यावरून मागच्या काचेतून रस्ता बघत होते.

"त्याच्या मागं रिक्षा. रिक्षात तीन बाया, एकीचं लुगडं बाहेर लोंबतंय."

"रिक्षा ओव्हरटेक करते का?" सुनेनं विचारलं.

"करायला बगते. नाय जमत. आता ट्रकनंच तिला दाबलं. ड्रायव्हर शिव्या देतोय."

"तुम्हाला काय ऐकू येतंय का त्याच्या शिव्या?"

"तोंड हलतंय ना त्याचं. आरती नाय म्हनत."

सून हसली. मान माझ्याकडे वळवून हसली. जाऊ काहीतरी बोलायला गेली, मी हात करून तिला थांबवलं, "थांब, मोटरसायकल आली, आडवी येतेय, डावीकडं घे गो." सुनेनं डावीकडं घेतलं.

मान अवघडली, कंबर धरली, तरी मी वळून बसले होते ती बोईसर येईपर्यंत बसले. मागं जितकं वाहन आलं, सायकलीसकट, ते मी सुनेला सांगितलं. ती मधून मधून म्हणायची, "आता कोण आहे आई?" आणि मी सांगायचे.